पायातलं कडं: इंदूरच्या तळ्यांवर पक्ष्यांचा शास्त्रशुद्ध अभ्यास कसा करावा

सिरपूर तळ्यावर हिवाळ्यात दुर्बिणी घेऊन हिंडणाऱ्या मंडळींत एक प्रश्न हमखास निघतो: "आपल्यालाही पक्ष्यांच्या पायात कडी घालता येतील का हो?" कडी म्हणजे पक्षी पुन्हा दिसला तर ओळख पटावी म्हणून पायात घालायची खूण. आज-उद्या तरी ती घालता येणार नाहीत, हे आधीच सांगून टाकतो. पण त्या कामाला उपयोगी पडेल असं पुष्कळ काही या रविवारपासून सुरू करता येतं, आणि त्यातलं बरंचसं पक्ष्याला हात न लावता होतं. माझं मत विचाराल तर माळव्यात उणीव आहे ती कडी वाचणाऱ्यांची. कुठंतरी मध्य आशियात कोणी मेहनतीनं कडं घातलेलं बदक यशवंतसागरावर उतरतं, हिवाळा काढतं आणि एकाही वहीत नोंद न होता परत जातं. म्हणून या लेखाचा क्रमही तसाच ठेवलाय: आधी वही, मग कडं वाचणं, आणि पक्षी हातात घेणं सगळ्यात शेवटी.

तसं हे काम आपल्या मुलखाला नवं नाही. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीनं, म्हणजे बीएनएचएसनं, भारतात पक्ष्यांना कडी घालायला सुरुवात केली ती १९२६ च्या सुमारास, धारच्या महाराजांच्या मदतीनं. पवारांचं धार इथून तास-दीड तासावर. पक्षी होते मुख्यतः हिवाळी बदकं. त्याआधी १८९९ साली डेन्मार्कमधल्या हान्स मॉर्टेन्सन नावाच्या शाळामास्तरांनी ॲल्युमिनियमच्या पट्टीवर क्रमांक आणि पत्ता कोरून ती मैनेच्या जातकुळीतल्या स्टार्लिंग पक्ष्यांच्या पायात घातली होती. जस्ताची कडी त्यांनी आधी वापरून पाहिली होती, ती जड पडली. हलका धातू, एकमेव क्रमांक आणि कळवायचा पत्ता, एवढ्यावरच ही पद्धत अजून चालते. १९५९ पासून जागतिक आरोग्य संघटनेच्या मदतीनं पक्षीशास्त्रज्ञ सालिम अलींच्या देखरेखीखाली बीएनएचएसनं देशभर मोठ्या प्रमाणावर कडी घातली. त्यामागचा एक प्रश्न असा होता की स्थलांतरित पक्ष्यांबरोबर गोचिडी आणि रोगजंतू येतात का. पक्षी कुठून येतात आणि कुठं जातात याची आज आपल्याकडे असलेली बरीचशी माहिती त्या काळातली आहे.

आधी कायदा

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ मध्ये 'शिकार' या शब्दात पकडणं आणि सापळा लावणंही येतं. जाळं लावून बुलबुल धरला, फोटो काढला आणि पाच मिनिटांत सोडला, तरी तो गुन्हाच. शास्त्रीय कामासाठी कलम १२ खाली परवानगी मिळते. ती राज्याचे मुख्य वन्यजीव रक्षक देतात, आपल्या बाबतीत भोपाळहून. पहिल्या अनुसूचीतला, म्हणजे कायद्यानं सर्वांत जास्त संरक्षण दिलेल्या यादीतला पक्षी असेल तर केंद्र सरकारची पूर्वसंमतीही लागते. अभयारण्याच्या हद्दीत काम असेल तर तिथली परवानगी वेगळी. अशी परवानगी एखादी संस्था, विद्यापीठ किंवा मान्य प्रकल्प मागतो. हौशी माणसानं एकट्यानं मागून काही निष्पन्न होत नाही. मिस्ट नेट, म्हणजे पक्षी धरायचं बारीक जाळं, ऑनलाइन विकत मिळतं हे खरं, पण ते घरात सापडलं तर वनखात्याला काय सांगणार याचा विचार करून मगच मागवा. खरं तर मागवूच नका.

वही

एक जागा निवडा आणि तिला चिकटून राहा. सिरपूर आणि यशवंतसागर ही दोन्ही तळी २०२२ साली रामसर यादीत, म्हणजे जागतिक महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत आली, आणि २०२५ मध्ये इंदूरला उदयपूरबरोबर 'वेटलँड सिटी' ही मान्यता मिळाली, म्हणून सगळे तिकडेच धावतात. पण बिलावली, पिपल्यापाला, रालामंडलची चढण, रेसिडेन्सी भागातली जुनी झाडं, इतकंच काय लोकमान्यनगरातली तुमची गच्चीसुद्धा चालेल. घराजवळची जागा बरी, कारण तिथं तुम्ही कंटाळा आला तरी जाल. नुसत्या दर्शनाला भटकायचं तर जागा बदलत राहिलात तरी बिघडत नाही. अभ्यासाला मात्र तीच वाट, तीच वेळ आणि शक्यतो तोच माणूस लागतो.

वाट आखताना अंतर कमी ठेवा. तळ्याच्या काठानं एक-दीड किलोमीटर पुरे. सूर्योदयानंतर अर्ध्या तासात सुरुवात करा आणि तासाभरात संपवा. सुरुवातीची वेळ, शेवटची वेळ, अंतर, वारा, धुकं आणि पाण्याची पातळी आधी लिहा. पातळीसाठी घाटाच्या कितव्या पायरीपर्यंत पाणी आहे एवढं लिहिलं तरी पुढं फार कामाला येतं, कारण चिखल उघडा पडल्याशिवाय तुतवार आणि शेकाटे उतरत नाहीत. नाहीतर यंदा तुतवार का घटले याचं कारण तुम्ही भलतीकडेच शोधत बसाल.

मग दिसलेला आणि ऐकलेला प्रत्येक पक्षी लिहायचा. कावळा, कबूतर, साळुंकी, सगळे. नवखे लोक 'खास' पक्षी तेवढे टिपतात आणि त्यामुळे त्यांची यादी अभ्यासाच्या कामाची राहत नाही. तुम्ही सगळं लिहिता हे पक्कं असेल तरच तुमच्या यादीत चिमणी नसणं याला काही अर्थ उरतो. ई-बर्ड या पक्षीनोंदींच्या संकेतस्थळावर नोंद चढवताना 'पूर्ण यादी आहे का' असा प्रश्न येतो तो याचसाठी. तिथं होय म्हणायचं असेल तर प्रामाणिकपणे म्हणा. सकाळी सिरपूर, दुपारी यशवंतसागर आणि वाटेतल्या ढाब्यावरचा कोतवाल पक्षी असं सगळं एकाच यादीत कोंबू नका. तीन जागा, तीन याद्या.

मोजणी सरावानंच येते. पाण्यावर थापट्या बदकांचा थवा पसरला असेल तर आधी दहा पक्षी नीट मोजा, दहांचा तो तुकडा डोळ्यात पक्का बसवा आणि मग असे किती तुकडे आहेत ते पाहा. थवा उडायच्या आत एकदा उजवीकडून आणि एकदा डावीकडून मोजा. दोन आकड्यांत फार फरक आला तर तिसऱ्यांदा. 'भरपूर' असं लिहू नका. अंदाज चुकीचा असला तरी आकडा लिहा. जांभळ्या पाणकोंबड्या गवतात लपतात, त्यांची मोजणी नेहमीच कमी येते. ते चालतं, दर वेळी सारख्याच पद्धतीनं कमी आली म्हणजे झालं.

जानेवारीत आशियाई पाणपक्षी गणना असते, १९८७ पासून सुरू असलेली. फेब्रुवारीत ग्रेट बॅकयार्ड बर्ड काउंट, म्हणजे घराआसपासच्या पक्ष्यांची गणना. दोन्हीत कोणालाही भाग घेता येतो. अशा याद्यांचं पुढं काय होतं, तर 'स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स' या २०२३ च्या अहवालात ९४२ जातींचा आढावा घेतला गेला, तो सुमारे तीस हजार पक्षीनिरीक्षकांच्या तीन कोटी नोंदींवरून. त्यात पगारी शास्त्रज्ञ थोडे; बाकी पोहे-जलेबी खाऊन तळ्यावर गेलेले तुमच्या-आमच्यासारखे लोक.

आल्या-गेल्याच्या तारखा वेगळ्या पानावर ठेवा. पावसाळा सरता सरता भोरड्यांचे थवे येतात, त्यांच्या मागून धोबी, मग बदकं. मार्चअखेर तळं रिकामं व्हायला लागतं. पहिला पक्षी दिसल्याची तारीख सगळेच लिहितात. शेवटचा कधी दिसला हे लिहायला रोज जावं लागतं, म्हणून ती नोंद दुर्मीळ आणि जास्त मोलाची.

घरट्यांचा अभ्यास करायचा असेल तर सुगरणीपासून सुरुवात करा. सालिम अलींनी १९३० च्या सुमारास अलिबागजवळच्या किहीमला नुसतं बसून सुगरणींची वसाहत पाहिली आणि एक नर अर्धवट विणलेली घरटी दाखवून एकामागून एक माद्या मिळवतो हे उलगडून दाखवलं. ना जाळं, ना कडं. आपल्याकडे शेतातल्या विहिरींवर लोंबणारी घरटी पावसाळ्यात कितीतरी दिसतात. दर आठवड्याला किती अर्धवट, किती पूर्ण, किती गळून पडलेली, एवढं लांबून लिहिलं तरी मोसमाच्या शेवटी हातात काहीतरी ठोस उरतं. फांद्या बाजूला सारून फोटो काढू नका. उघडी पडलेली जागा कावळ्याच्या लगेच ध्यानात येते. खरमोर (तणमोर) या कुरणातल्या पक्ष्यासाठी सैलाना किंवा सरदारपूरच्या अभयारण्यात जायची हौस असेल तर वनखात्याला विचारून जा आणि कुरणात पाऊल टाकू नका. पावसाळा हे त्या पक्ष्याचे विणीचे दिवस असतात.

कडं दिसलं तर

पक्ष्यांवरच्या खुणा मुख्यतः तीन प्रकारच्या. धातूचं कडं पायात असतं, त्यावर क्रमांक आणि पत्ता कोरलेला असतो. आपल्याकडच्या कड्यांवर इंग्रजीत 'इन्फॉर्म बॉम्बे' अशी सुरुवात करून सोसायटीचं नाव संक्षेपात असतं. रशियन कड्यावर 'मॉस्क्वा' दिसेल. दुसरा प्रकार रंगीत प्लास्टिकची कडी आणि चिखलपक्ष्यांच्या पायावर छोट्या झेंड्यासारखं बाहेर आलेलं 'फ्लॅग'. तिसरा मानेतला पट्टा, तो हंस-कादंबांना घालतात. मंगोलियात असे पट्टे घातलेले पट्टकादंब भारतातल्या तळ्यांवर दिसलेले आहेत. म्हणून कादंबांचा थवा दिसला की जात ओळखून थांबू नका, एकेक मान पाहा.

वाचायची रीत अशी. आधी वहीत दोन पाय काढा, डावा आणि उजवा. डावा-उजवा पक्ष्याचा. पक्षी तुमच्याकडे तोंड करून उभा असेल तर त्याचा उजवा पाय तुमच्या डाव्या हाताला येतो, आणि चुकीच्या नोंदी बहुतेक इथंच होतात. मग प्रत्येक पायाचे दोन भाग करा, सांध्याच्या वरचा आणि खालचा. (तो सांधा गुडघा वाटतो, पण घोटा असतो. पक्ष्याचा गुडघा पिसांत दडलेला असतो.) आता वरून खाली जे जे आहे ते मांडा: रंग, कडं की फ्लॅग, अक्षरं असतील तर ती, आणि धातूचं कडं कुठल्या पायात. एखादा भाग पाण्यात असेल किंवा पाय वर घेऊन पक्षी उभा असेल तर 'दिसला नाही' असं स्पष्ट लिहा. 'काही नव्हतं' आणि 'दिसलं नाही' यांत फार अंतर आहे. रंगांच्या क्रमावरच पक्षी ओळखला जातो, एक रंग हुकला तर दुसऱ्याच पक्ष्याच्या खात्यात नोंद जमा होते.

उजेड पाठीशी हवा. सिरपूरला सकाळी पूर्वेकडच्या काठावर उभं राहिलं की ऊन पाठीवर येतं. दुर्बीण आठ पटींची असली तरी रंग कळतात, अक्षरांना वीस ते साठ पटींचा स्पॉटिंग स्कोप, म्हणजे तिपाईवरची एकनळी दुर्बीण लागते. ती घरोघरी नसते; गटात एकाकडे असली तरी पुरते. ऊन चढलं की पाण्यावरची हवा थरथरते आणि ३ चा ८ दिसू लागतो, त्यामुळे नऊच्या आत वाचून घ्या. पांढरी पडलेली कडीही फसवतात: पिवळा रंग उन्हानं विटतो, आणि चिखल लागला की सगळेच रंग तपकिरी. शंका असेल तर 'पिवळा किंवा पांढरा' असं लिहा.

धातूच्या कड्यावरचे आकडे जिवंत पक्ष्याच्या पायावर वाचणं कठीण, पण अशक्य नाही. बगळा, कुदळ्या किंवा काठावर निवांत उभं असलेलं बदक असेल तर लांब भिंगाच्या कॅमेऱ्यानं फोटो घेत राहायचे. कडं पायात फिरत असतं. एका फोटोत पहिले दोन आकडे येतात, पक्षी दोन पावलं चालला की पुढचे दोन. घरी येऊन सगळे फोटो वेळेच्या क्रमानं लावा आणि आकडे जोडा. यात चिकाटी लागते, आणि थोडं नशीबही.

कळवताना जात, कड्याचं पूर्ण वर्णन, तारीख, वेळ, जागा (फोनवरून अक्षांश-रेखांश घ्या), पक्षी काय करत होता, बरोबर कोणते पक्षी होते आणि मूळ, न कापलेले फोटो पाठवा. भारतातल्या कोणत्याही कड्याची नोंद बीएनएचएसला पाठवावी. परदेशी कडं असलं तरी तिकडून योग्य ठिकाणी पोचवतात. उत्तराला वेळ लागतो. उत्तर येतं तेव्हा पक्ष्याला कुठं, कधी आणि केवढा असताना कडं घातलं होतं हे कळतं, आणि मग तळ्यावरच्या शंभर बदकांतलं एक कायमचं ओळखीचं होतं.

पक्षी आपणहून हातात आला तर

संक्रांतीला मांज्यात अडकलेला पक्षी कोणीतरी आणून देतो. पायात कडं असेल तर ते काढू नका. क्रमांक वाचा, चारही बाजूंनी फोटो घ्या, पक्षी हवेशीर पुठ्ठ्याच्या खोक्यात अंधारात ठेवा आणि वनखात्याला कळवा. तोंडात पाणी ओतू नका, ते श्वासनलिकेत जातं.

कबुतराच्या पायात कडं दिसलं तर ते बहुतेक वेळा कबूतरबाजांचं असतं. ओळखायची खूण सोपी आहे. शर्यतीच्या कबुतराचं कडं सलग असतं, कुठंही जोड नसतो, कारण पिल्लू काही दिवसांचं असतानाच ते बोटांवरून आत सरकवलेलं असतं. अभ्यासाच्या धातूच्या कड्याला नीट पाहिलं तर दोन टोकं मिळाल्याची बारीक फट दिसते. हा फरक ठाऊक असता तर २०२३ साली मुंबईत 'हेर' ठरवून धरलेलं कबूतर आठ महिने पिंजऱ्यात काढतं ना. ते तैवानच्या शर्यतीतलं निघालं आणि २०२४ च्या जानेवारीत सुटलं.

मेलेला पक्षी उघड्या हातानं उचलायचा नाही. डिसेंबर २०२० च्या अखेरीस इथं डेली कॉलेजच्या आवारात कावळे मरून पडले होते आणि तपासणीत बर्ड फ्लूचा एच५एन८ विषाणू निघाला, हे इंदूरकरांनी विसरू नये. एकाच जागी दोन-चार पक्षी मेलेले दिसले तर पशुवैद्यकीय विभागाला कळवा आणि कड्याचा फोटो लांबूनच घ्या.

शिबिरात काय चालतं

वही नियमित झाली, कडी वाचता येऊ लागली की मग कडी घालण्याच्या, परवानगी असलेल्या शिबिरात मदतनीस म्हणून जा. तिथलं काम जवळून कसं असतं ते सविस्तर सांगतो, म्हणजे पहिल्या दिवशी गोंधळ होणार नाही.

दिवस उजाडायच्या आत जाळी उभी राहतात. रात्री सराफ्यात बारापर्यंत भुट्ट्याचा कीस आणि गराडू खाऊन पहाटे चारला उठणं जमत नाही, दोन्हींतलं एक निवडावं लागतं. मिस्ट नेट काळ्या नायलॉनचं किंवा पॉलिएस्टरचं असतं, साधारण बारा मीटर लांब, दोन बांबूंत ताणलेलं. छोट्या पक्ष्यांसाठी सोळा मिलिमीटरचं भोक. आडव्या दोऱ्यांमुळे त्याचे चार-पाच थर होतात आणि प्रत्येक थराला खाली झोळ राहतो. पक्षी जाळ्याला धडकतो आणि झोळात पडतो. झुडपांच्या रांगेत, पाठीमागे सावली असली की जाळं दिसत नाही; उघड्यावर आणि वाऱ्यात ते उठून दिसतं. सगळ्यात खालचा थर जमिनीपासून वर हवा, नाहीतर मुंग्या, मांजरं आणि आपल्या गल्लीतली कुत्री पक्ष्यापर्यंत आधी पोचतात.

दर वीस-तीस मिनिटांनी फेरी मारलीच पाहिजे, आणि ऊन तापू लागलं की त्याहूनही लवकर. पाऊस किंवा जोराचा वारा आला की जाळं बंद. माळव्यात मार्चनंतर नऊ-साडेनऊलाच गुंडाळावं लागतं. पक्षी जास्त आले आणि हात कमी पडले तरी जाळी बंद करायची. ज्या शिबिरात 'आज किती झाले' याचीच चर्चा जास्त ऐकू येते, तिथून शिकण्यासारखं फार नसतं.

मोठ्या पक्ष्यांची गोष्ट वेगळी. बदकं आणि चिखलपक्षी पकडण्याचं कौशल्य पारंपरिक पारध्यांकडे होतं, आणि बीएनएचएसनं ते मानानं वापरलं. बिहारच्या मीर शिकार समाजातले अली हुसेन यांची झडप-जाळी आणि फास लावण्याची हातोटी पक्षीशास्त्रज्ञांत प्रसिद्ध आहे. पुस्तक वाचून ती येत नाही.

पक्षी सोडवताना पहिला प्रश्न: तो जाळ्याच्या कुठल्या बाजूनं आत गेला? पोटाकडची पिसं जिथं उघडी दिसतात ती बाजू. आधी पाय मोकळे करायचे, मग पंख, डोकं शेवटी. ओढायचं नाही, दोरा पिसांवरून अलगद उचलायचा. मिनिटभरात जमलं नाही तर शिकवणाऱ्याला हाक मारा. त्यात कमीपणा नाही. सोडवलेला पक्षी सुती पिशवीत जातो आणि अंधारात शांत होतो. एका पिशवीत एकच.

धरायची पकड अशी: पक्ष्याची पाठ तळहातावर, मान तर्जनी आणि मधल्या बोटाच्या मध्ये, बाकीची बोटं अंगाभोवती सैल. छाती दाबायची नाही, हे शंभरदा सांगितलं तरी थोडंच. पक्ष्याला आपल्यासारखा छाती-पोटामधला श्वासाचा पडदा नसतो. छातीचं हाड वर-खाली झालं तरच त्याचा श्वास चालतो. घट्ट धरलेला पक्षी हातातच गुदमरतो आणि बाहेरून काही कळतही नाही. बुलबुल चोचीनं बोट पकडून पिळतो, तेव्हा नवखा माणूस मूठ आवळतो. बोट चावू द्यावं. होले मात्र भराभर पिसं टाकतात, त्यांना पहिल्यांदा हात लावायला कोणीच देत नाही.

जात पक्की झाली की कडं आधी. कारण पुढं पक्षी निसटला तरी निदान त्याची ओळख तरी राहते. जातीगणिक कड्याचं माप ठरलेलं असतं. शिंजीर दहा ग्रॅमही भरत नाही, त्याच्या कड्याचा व्यास काडीएवढा. छोट्या पक्ष्यांना ॲल्युमिनियम चालतं. खाऱ्या पाण्यातल्या किंवा दीर्घायुषी पक्ष्यांना पोलादाचं किंवा मिश्रधातूचं लागतं, नाहीतर क्रमांक झिजून जातो. १९५६ साली मिडवे बेटावर कडं घातलेली 'विस्डम' ही लेसन अल्बट्रॉस या समुद्रपक्ष्याची मादी २०२४ मध्येही अंडं घालताना दिसली. तिच्या पायातली कडी मधल्या काळात बदलावी लागली.

कड्याची पक्कड खास असते, तिच्या जबड्यात मापाची भोकं असतात. उघडं कडं भोकात बसवायचं, पायाच्या नळीवर आणायचं, फट पकडीच्या तोंडाशी ठेवून हलकं मिटायचं. मग कडं थोडं फिरवून पुन्हा एकदा. टोकांना नख लावून पाहायचं. नख अडकलं तर दोराही अडकेल. टोकं एकावर एक चढली तर पाय दाबला जातो, आणि ते दुरुस्त करणं अनुभवी माणसाचंच काम. नीट बसलेलं कडं पायावर वर-खाली सरकतं, सहज फिरतं आणि पंजावरून खाली येत नाही. क्रमांक मोठ्यानं वाचायचा, लिहिणाऱ्यानं लिहून परत वाचून दाखवायचा. मदतनीसाला पहिलं काम मिळतं ते हेच लिहिण्याचं, आणि ते दुय्यम समजू नका. क्रमांकातला एक आकडा चुकला की पुढं दहा वर्षांनी तो पक्षी कोणी पकडला तरी त्याची कहाणी जुळत नाही.

मग मापं. पंखाच्या वळणापासून सर्वांत लांब पिसाच्या टोकापर्यंतची लांबी टोकाला खुंटी असलेल्या पट्टीनं. पायाची नळी आणि चोच कॅलिपरनं. वजन पिशवीसकट स्प्रिंगकाट्यावर, नंतर रिकाम्या पिशवीचं वजा. पोटावरची पिसं फुंकरीनं बाजूला केली की दोन गोष्टी दिसतात: गळ्याखालच्या खळग्यात कातडीतून चमकणारी पिवळी चरबी, आणि विणीच्या दिवसांत अंडी उबवण्यासाठी उघडा पडलेला, रक्तवाहिन्यांनी भरलेला पोटाचा भाग. मार्चमधल्या पिवळ्या धोब्याचा खळगा चरबीनं भरलेला दिसला की त्याची निघायची वेळ आली असं समजायचं. पंखाच्या मोठ्या पिसांची झड ० ते ५ अशा गुणांनी मांडतात: जुनं पीस ०, पूर्ण नवं ५, मधले आकडे वाढत्या पिसाचे. वयही बरेचदा पिसांवरूनच ठरतं, पण प्रत्येक जातीत नाही. चिमणीचं पिल्लू पहिल्याच झडीत सगळी पिसं बदलतं. त्यानंतर पिसं पाहून ते यंदाचं की आधीचं, हे सांगता येत नाही. जिथं कळत नाही तिथं 'अज्ञात' लिहितात.

हे सगळं काही मिनिटांत उरकायचं असतं. पक्षी चोच उघडी टाकून धापा टाकू लागला, डोळे मिटू लागला किंवा अंग फुगवून बसला तर मापं राहू द्यायची. सावलीत, झुडपाजवळ, जमिनीच्या जवळ हात नेऊन तळहात उघडायचा. हवेत उडवायचा नाही. फोटोची घाई कोणालाच नसावी, पण असते.

आकड्यांतून काय निघतं

एक कल्पित उदाहरण घ्या. एका वस्तीत ४० चिमण्यांना कडी घातली. पंधरवड्यानं ५० चिमण्या धरल्या, त्यांत १० कडीवाल्या निघाल्या. म्हणजे धरलेल्यांत पाचवा हिस्सा कडीवाला. सगळ्या वस्तीतही तेच प्रमाण मानलं तर ४० हा एकूण संख्येचा पाचवा हिस्सा, आणि चिमण्या सुमारे २००. हिशेब सोपा आहे, अडचण गृहीतकांत आहे. एकदा जाळ्यात सापडलेली चिमणी पुढच्या वेळी ती जागा टाळते, काही मरतात, काही शेजारच्या कॉलनीत जातात. कडीवाल्या कमी हाती आल्या की अंदाज फुगतो. म्हणून एकाच फेरीवर विसंबत नाहीत. वर्षानुवर्षं त्याच जागी, त्याच मोसमात, तितक्याच जाळ्यांनी काम करतात आणि दरसाल किती टक्के जगले हे काढतात. वहीतल्या वाटेचा नियम इथंही तोच.

उपग्रहाचे टॅग, म्हणजे पक्ष्याचा ठावठिकाणा कळवणारी छोटी यंत्रं आली म्हणून कडी मागे पडली असं नाही. टॅग पक्ष्याच्या वजनाच्या तीन टक्क्यांच्या आसपास ठेवावा असा संकेत आहे. २०२२ साली पाठीवर टॅग असलेला गॉडविट जातीचा एक चिखलपक्षी अलास्काहून टास्मानियाला अकरा दिवसांत, कुठंही न उतरता, १३,५६० किलोमीटर उडत गेला हे कळलं ते टॅगमुळेच. पण शिंजीर किंवा वटवट्याला एवढं ओझं झेपणार नाही, आणि टॅगचा खर्चही मोठा. छोट्या पक्ष्यांच्या बाबतीत आजही कड्यावरच काम चालतं.

शिबिरात शिरकाव कसा करायचा

बीएनएचएसची प्रशिक्षणं अधूनमधून जाहीर होतात. विद्यापीठांचे आणि वनखात्याचे प्रकल्पही मदतनीस शोधत असतात. अर्जात 'मला पक्ष्यांची फार आवड आहे' असं लिहू नका, ते सगळेच लिहितात. त्याऐवजी एका जागेच्या निदान एका हिवाळ्याच्या याद्या जोडा, वाचलेल्या कड्यांच्या नोंदी जोडा, आणि आवाजावरून कोणत्या जाती खात्रीनं ओळखता येतात ते लिहा. हस्ताक्षर सुवाच्य असेल तर तेही सांगा. जाताना मळखाऊ रंगाचे पूर्ण बाह्यांचे कपडे, डोक्यावरचा टॉर्च, पेन्सिली (पेनची शाई दवात पसरते), सॅनिटायझर आणि नखं कापलेले हात. अंगठी आणि घड्याळ घरी ठेवा, जाळ्याचे दोरे त्यांत अडकतात.

पहिले काही दिवस तुम्हाला पक्षी धरायला मिळणार नाही. बांबू रोवणं, पिशव्या धुणं, फेऱ्या मारणं आणि लिहिणं, एवढंच. लिहिताना प्रत्येक रकाना भरा, आणि जिथं माप घेतलं गेलं नाही तिथं रेघ मारा. रकाना कोरा राहिला की घेतलं नव्हतं की लिहायचं राहिलं, हे नंतर कोणालाच सांगता येत नाही.